एडिंबरा : खाता खाता पाहिलेलं शहर

मुलांनो, नवं गाव पाहायला गेलो की आपण काय करतो? किल्ला पाहतो, संग्रहालय पाहतो, फोटो काढतो आणि पाय दुखायला लागले की मुक्कामी परततो. पण एखादं गाव कुणी खाता खाता पाहिलंय का? मी पाहिलंय! त्या गावाचं नाव एडिंबरा. इंग्रजी स्पेलिंग वाचून 'एडिनबर्ग' म्हणाल, तर तिथली माणसं गालातल्या गालात हसतात, बरं का! इंग्लंडच्या उत्तरेला स्कॉटलंड आणि एडिंबरा ही त्याची राजधानी.

माझी मावसबहीण तिथे राहते. मे महिन्याच्या सुट्टीत मी तिच्याकडे गेले होते. तिची मुलगी, म्हणजे माझी भाची, दहा वर्षांची. एका शनिवारी आम्ही दोघी खाद्यसहलीला निघालो. पुढे गाईडबाई, मागे आम्ही दहा-अकरा जण. अडीच-तीन तास पायी भटकायचं, वाटेत पाच-सहा ठिकाणी थांबायचं आणि प्रत्येक ठिकाणी घास-दोन घास खाऊन त्या पदार्थाची गोष्ट ऐकायची, अशी ही सहल.

निघताना बहिणीने लेकीच्या हातात डबा दिला. "बाहेरचं नाही आवडलं तर असू दे," म्हणाली. भाचीने तो घाईघाईने दप्तराच्या तळाशी कोंबला. वर जाकीट टाकलं. जिन्यात मला हळूच म्हणाली, "मावशी, तो डबा बाहेर काढू नकोस हं. थालीपीठ आहे. शाळेत पण मी आईला सँडविचच दे म्हणते. एकदा पोळी-भाजी नेली होती, तर सगळे म्हणाले, कसला वास येतोय!"

मी काही बोलले नाही. पण ते वाक्य माझ्या डोक्यात राहिलं.

एडिंबऱ्याचा किल्ला एका विझलेल्या ज्वालामुखीच्या कातळावर उभा आहे. त्याच्या पायथ्याशी एक लांबट चौक आहे, ग्रासमार्केट. म्हणजे गवतबाजार! पूर्वी तिथे गुरांचा बाजार भरायचा. शेजारच्या रस्त्याचं नाव काउगेट, कारण तिथून गाई हाकत न्यायचे. पुढे मच्छीबाजाराची गल्ली लागते, मांसबाजाराची गल्ली लागते, भटारखान्याची गल्ली लागते. नुसत्या पाट्या वाचत गेलात तरी कळतं, की जुन्या काळी शहराच्या पोटात काय काय जात होतं.

ग्रासमार्केटमध्येच आमचा पहिला थांबा होता. समोर आली वाफाळती वाटी. भाचीने आत डोकावून पाहिलं आणि म्हणाली, "मावशी, ही तर पेज!"

अगदी खरं! पण तांदळाची नव्हे, ओट नावाच्या धान्याची. तिला पॉरिज म्हणतात. जुन्या पद्धतीत त्यात साखर नसते, चिमूटभर मीठ असतं. ढवळायला चमचाही नसतो. 'स्पर्टल' नावाचा एक गुळगुळीत लाकडी दांडका असतो. त्याने उजव्या हाताने, घड्याळाच्या काट्याच्या दिशेने ढवळायचं, असा तिथला रिवाज आहे. पूर्वी गरीब घरांत पॉरिज एकदाच भरपूर शिजवायचे आणि लाकडी कपाटाच्या खणात ओतून ठेवायचे. थंड झालं की थापलेल्या वडीसारखं घट्ट व्हायचं. मग रोज एक तुकडा कापून शेतावर न्यायचा. झाला डबा!

आता ओटच का, गहू का नाही? याचं उत्तर आकाशात आहे. एडिंबरा पार उत्तरेला, जवळजवळ ५६ अंश अक्षांशावर आहे. उन्हाळा छोटा, हवा थंड आणि पाऊस कधीही. डिसेंबरात तर दुपारी पावणेचारच्या आत सूर्य मावळतो! अशा हवेत पूर्वी गव्हाची खात्री नसायची, पण ओट मात्र तग धरायचा. जे पिकलं ते माणसांनी खाल्लं. जगात सगळीकडे असंच तर होतं.

"पण यावरून आमची थट्टा व्हायची," गाईडबाई म्हणाल्या आणि त्यांनी एक मजेदार गोष्ट सांगितली. सॅम्युअल जॉन्सन नावाच्या इंग्लिश विद्वानाने १७५५ साली मोठा शब्दकोश काढला. त्यात 'ओट' या शब्दाचा अर्थ त्याने असा दिला, की इंग्लंडात हे धान्य बहुधा घोड्यांना घालतात, स्कॉटलंडमध्ये मात्र त्यावर माणसं जगतात! शब्दकोशात कुणी असा चिमटा काढतं का? गंमत म्हणजे तो कोश तयार करताना जॉन्सनच्या हाताखाली सहा लेखनिक होते आणि त्यांतले पाच स्कॉटिश होते. म्हणजे ही माणसं पॉरिज खाऊनच कोशाचं काम करत असणार!

स्कॉटिश लोकांनी काय उत्तर दिलं, ठाऊक आहे? "म्हणून तर इंग्लंडचे घोडे उत्तम आणि स्कॉटलंडची माणसं उत्तम!"

सगळे खो खो हसले. भाचीही हसली. मला मात्र आमचा वर्ग आठवला. मधल्या सुट्टीत डबे उघडतात तेव्हा एखादं मूल डब्याचं झाकण पुढ्यात उभं धरतं. आडोसा करतं आणि आत बघत बघत भराभरा जेवतं. आत चोरीचं काही नसतं. भाकरी असते, नाहीतर कालची उसळ असते. तुमच्या वर्गातही असं कुणी आहे का? की ते मूल तुम्हीच आहात?

पॉरिजनंतर हातावर ओटची पातळ कडक भाकरी आली. ती तव्यावर भाजतात आणि तिचे त्रिकोणी तुकडे करतात. चौदाव्या शतकात फ्रॉइसार नावाच्या एका फ्रेंच बखरकाराने स्कॉटिश स्वारांबद्दल लिहून ठेवलं आहे, की त्यांच्या खोगिरात लोखंडी पत्रा आणि मागे ओटच्या पिठाची पिशवी असे. मुक्काम पडला की पत्रा तापवायचा, पीठ कालवायचं आणि भाकरी भाजायची. ना मुदपाकखाना, ना आचारी!

तिथून चढावर ग्रेफ्रायर्सपाशी एका छोट्या कुत्र्याचा पुतळा आहे. त्याचं नाव बॉबी. त्याचा धनी १८५८ साली वारला. तेव्हापासून बॉबी चौदा वर्षं त्याच्या थडग्याजवळ राहिला, असं सांगतात. मग तो खायचा काय? किल्ल्यावरून दुपारी एकची तोफ झाली, की तो जवळच्या खानावळीत जायचा, तिथे जेवायचा आणि परत यायचा. ही तोफ १८६१ साली सुरू झाली, ती जहाजांना घड्याळं लावता यावीत म्हणून. १८६७ साली शहरात परवाना नसलेल्या कुत्र्यांचा प्रश्न आला, तेव्हा नगरप्रमुखांनी बॉबीच्या परवान्याचे पैसे स्वतः भरले. प्रवासी त्या पुतळ्याचं नाक घासतात. तुम्ही गेलात तर घासू नका हं, नाक झिजत चाललंय!

मग आम्ही मुख्य रस्त्यावर आलो. किल्ल्यापासून राजवाड्यापर्यंत जाणाऱ्या या रस्त्याला 'रॉयल माइल' म्हणतात. दोन्ही बाजूंना उंच दगडी घरं आहेत. तीनशे वर्षांपूर्वीदेखील इथे सात-आठ मजल्यांची घरं होती. एकाच जिन्याने शिंपीही चढायचा आणि न्यायाधीशही. नळ तर नव्हतेच! दूरच्या झऱ्यांचं पाणी लाकडी आणि शिशाच्या नळ्यांतून रस्त्यावरच्या दगडी हौदांपर्यंत यायचं. तिथून पाणके पाठीवर पिंप घेऊन मजल्यामागून मजले चढायचे. ते दगडी हौद अजून रस्त्यात उभे आहेत. भाचीने एकाला हात लावून पाहिला. पेजेतल्या पाण्याचीसुद्धा एक गोष्ट असते!

पाण्यावरून आठवलं. एका दुकानाच्या काचेत व्हिस्कीच्या बाटल्या होत्या. गटातली काही मोठी माणसं आत गेली, आम्ही दोघी बाहेर थांबलो. हे मद्य मोठ्यांचं, तेव्हा आपल्याला त्याच्या शब्दाशीच काम. 'व्हिस्की' हा शब्द तिथल्या गेलिक भाषेतून आला आणि त्याचा मूळ अर्थ 'जीवनाचं पाणी'. आपल्याकडे तर पाण्यालाच 'जीवन' म्हणतात. आपलाच शब्द खरा, नाही का?

पुढचा थांबा होता हॅगिसचा. हा स्कॉटलंडचा मानाचा पदार्थ. मेंढीचं काळीज, हृदय, फुप्फुसं बारीक करून त्यात ओट, कांदा, चरबी, मिरी घालायची आणि ते सारण मेंढीच्याच जठरात भरून शिजवायचं. तोंड वाकडं केलंत ना? थांबा. चांगलं मांस श्रीमंतांच्या ताटात जायचं. उरलेलं फेकायचं नाही, त्याचंही पोटभर जेवण करायचं, यातून गरिबाघरी असे पदार्थ होतात. पुढे १७८६ साली शेतकऱ्याचा मुलगा असलेल्या रॉबर्ट बर्न्स या कवीने चक्क हॅगिसवर कविता लिहिली. आज दरवर्षी २५ जानेवारीला, बर्न्सच्या वाढदिवशी, हॅगिस वाजतगाजत टेबलावर आणतात. ती कविता म्हणतात आणि मगच सुरी चालवतात. गरिबाच्या चुलीवरचा पदार्थ असा मानाच्या पंक्तीला बसला!

मी शाकाहारी, तेव्हा माझ्या बशीत काय आलं? शाकाहारी हॅगिस! १९८४ साली एडिंबऱ्यात स्कॉटिश काव्य-ग्रंथालय सुरू झालं, त्या समारंभासाठी इथल्याच एका खाटीक घराण्याने तो पहिल्यांदा केला. त्यात ओट, मसूर, राजमा आणि भाज्या होत्या. सोबत कुस्करलेला बटाटा आणि पिवळ्या सलगमचा लगदा. चव म्हणाल तर मिरी जास्त घातलेल्या खिचडीच्या जवळची. मी बशी चाटूनपुसून संपवली. भाचीने दोन घास खाल्ले, तेवढ्यात 'धडाम्‌' झालं! आम्ही दोघी दचकलो. आजूबाजूच्यांनी शांतपणे घड्याळं पाहिली. एकची तोफ झाली होती.

उताराने खाली कॅननगेटमध्ये एक गल्ली लागते, शुगरहाउस क्लोज. तिथे अठराव्या शतकात साखर शुद्ध करण्याचा कारखाना होता. इथे गाईडबाई हसल्या नाहीत. त्या म्हणाल्या, "ही साखर कॅरिबियन बेटांवरून यायची. तिथे ऊस तोडायला आफ्रिकेतून पकडून आणलेली माणसं होती, गुलाम म्हणून. आमच्या गोड बिस्किटांच्या मागे हेसुद्धा आहे आणि ते सांगायला हवं." ब्रिटिश साम्राज्यातली गुलामगिरी बंद करणारा कायदा १८३३ साली झाला. त्याआधी किती माणसांनी हाल सोसले असतील! स्वतःच्या गावाचं भलं तेवढं सांगायचं आणि वाईट गाळायचं, असं त्यांनी केलं नाही. मला त्या बाई फार आवडल्या.

चहाबरोबर बिस्किटं आली. तुमच्या ओळखीची! 'डायजेस्टिव्ह' म्हणून आपल्या दुकानांतही मिळतात ना, ती. मॅकव्हिटी ही कंपनी मूळची एडिंबऱ्याची आणि तिच्या अलेक्झांडर ग्रँट या कामगाराने १८९२ साली हे बिस्कीट बनवलं. मुलांना 'अर्न-ब्रू' नावाचं भडक नारिंगी पेय मिळालं. ते १९०१ सालापासून स्कॉटलंडमध्ये विकलं जातं. नावात लोखंड आहे आणि पेयातही लोहाचा अगदी नखभर अंश असतो. भाचीने मोठा घोट घेतला आणि तिची जीभ नारिंगी झाली.

राजवाड्याजवळ आमची सहल संपली. सगळे एका बाकाभोवती टेकलो. गाईडबाईंनी विचारलं, "बाळ, तू आज फार कमी खाल्लंस. भूक नाही लागली?"

भाचीने माझ्याकडे पाहिलं. मी मुद्दाम राजवाड्याकडे पाहत राहिले. दप्तराची चेन वाजली. जाकीट बाहेर आलं आणि मग डबा. तिने झाकण उघडलं, भाजणीचा खमंग वास दरवळला. ती घाईघाईने म्हणाली, "याला वास येतो."

"येतोय खरा," गाईडबाई म्हणाल्या. "कशाचा आहे?"

भाची बोटं मोजू लागली. दोनवर अडकली. मग मला हळूच विचारून विचारून तिने सांगितलं : ज्वारी, बाजरी, तांदूळ, हरभरा, उडीद, धणे. भाजायचं, दळायचं, थापायचं, तव्यावर टाकायचं. गाईडबाईंनी तुकडा मोडला, सावकाश चावला आणि म्हणाल्या, "आमच्या ओटच्या भाकरीत एकच धान्य. तुमच्यात पाच आणि वर धणे! जॉन्सनसाहेबांच्या कोशाला पानं पुरली नसती."

मग तो डबा बाकावरून फिरला. उरलेलं अर्धं थालीपीठ भाचीने खाल्लं आणि झाकण बाजूला आडवं ठेवलं होतं.

तुम्हाला वाटेल, तेव्हापासून ती रोज थालीपीठ नेऊ लागली. नाही हो! बहीण फोनवर सांगते, अजून सँडविचच जास्त वेळा असतं. पण महिन्यातून एक-दोनदा ती स्वतः मागते आणि कुणी विचारलं तर पाचही धान्यांची नावं घडाघडा सांगते.

म्हणून मुलांनो, एक काम कराल? उद्या डबा उघडलात, की त्यातला एक पदार्थ निवडा. आजीला विचारा, आईबाबांना विचारा : हे आपल्याकडेच का करतात? हे कुठल्या मातीत पिकतं? पूर्वी कोण खायचं? आणि शेजारच्या मुलाच्या डब्यातून निराळा वास आला, तर नाक मुरडू नका. गाईडबाईंसारखं नुसतं विचारा, "कशाचा आहे?"