वहिनीचे हात

'वाडा चिरेबंदी' या नाटकातली वहिनी करायची ठरली की बहुतेक नट्या तिचे संवाद पाठ करायला बसतात. मी आधी ती गप्प असते ती पानं वेगळी काढते. घरातले तात्याजी गेलेले, मुंबईहून दीर सुधीर आणि जाऊ अंजली आलेली, तेराव्याचा खर्च कुठून करायचा यावर नवरा भास्कर आणि बाकीची मंडळी बोलत असतात. वहिनीला त्या बोलण्यात फारशी जागा नाही, पण घर तिच्या कामावर चाललेलं असतं. ते काम दिसलं नाही तर पुढे ती जे बोलते त्याला वजनच येत नाही.

हे नाटक लिहिणाऱ्या महेश एलकुंचवारांचा जन्म १९३९ चा, यवतमाळ जिल्ह्यातल्या पारव्याचा. आमच्या वर्धा जिल्ह्यातून नदी ओलांडली की यवतमाळ लागतं. नाटकातलं धरणगावकर देशपांड्यांचं घर म्हणूनच मला परकं वाटत नाही. देवळी, आर्वी, हिंगणघाटकडे अशी घरं माझ्या लहानपणी होती: मोठा दरवाजा, ओसरी, अंधारं माजघर, मागे विहीर आणि कापसाच्या दिवसांत कुठेही लागलेला ढीग. त्या घरांतल्या बायकांकडून मी अभिनय शिकले. पिठात हात असताना डोक्यावरचा पदर घसरला तर बोटं लावायची नाहीत, मनगटाच्या मागच्या बाजूने सावरायचा. तूर पाखडताना सुपाचा ताल मोडत नाही, बोलणाऱ्याकडे बघायचं असलं तर फक्त डोळे वर जातात. कुणी मोठ्याने बोललं की सूप क्षणभर थांबतं आणि पुन्हा सुरू होतं. तो क्षणभराचा थांबा म्हणजे वहिनीचा संवाद आहे. तो सहनटाच्या वाक्यावर नेमका पडावा म्हणून तालमीत आम्ही तेवढाच तुकडा पुन:पुन्हा केला.

मग तो दागिन्यांचा प्रवेश येतो. रात्री नवरा-बायको खोलीत, आणि वहिनीच्या अंगावर घराण्याचे सगळे दागिने. इतक्या दिवसांच्या राबण्यानंतर ती बाई एकदम वाड्याची मालकीण दिसते, तिच्याआधी ते सोनं घातलेल्या सगळ्या बायका तिच्या अंगात आल्यासारख्या. मराठी रंगभूमीवर नटीसाठी लिहिलेले मोठे प्रवेश मोजायला बसले तर मी हा पहिल्या चारांत धरीन. अडचण अशी की नाटकातले दागिने पितळेचे आणि कागदासारखे हलके असतात. ते घालून नटी चटकन वळते, चटकन उठते, आणि खोटेपणा मागच्या रांगेपर्यंत कळतो. मी तराजूची लहान वजनं कापडाच्या पट्टीत शिवून घेतली. ती गळ्यात आणि कमरेला बांधून तालमी केल्या. आठवड्याभरात मानेला सवय झाली. प्रयोगाच्या वेळी वजनं काढली तरी मान तशीच सावकाश वळत राहिली. पुढे हेच सोनं घेऊन वहिनीची मुलगी रंजू मास्तराबरोबर पळून जाते, तेव्हा प्रेक्षकाला त्याचं वजन आठवायला हवं. नणंद प्रभाच्या शिक्षणाला जे सोनं कुणी मोडू दिलं नाही, ते असं जातं.

बोलीबद्दल मला थोडं कडक बोलायचं आहे. टीव्हीवर आणि विनोदी कार्यक्रमांत वऱ्हाडी बोलणारं माणूस आलं की ते हसवायलाच आलेलं असतं. लोकांच्या कानाला तशी सवय लागली आहे, आणि आमच्या गावचे प्रेक्षकसुद्धा 'करून राहिली' ऐकलं की हसायच्या तयारीत बसतात. वहिनीचं बोलणं दु:खाचं, हिशेबाचं, कधी टोचणारं असतं. ते खालच्या पट्टीत, वाक्याचा शेवट न तोडता बोललं तर दहा मिनिटांत हसू विरतं. त्यानंतर अंजलीची मुंबईची भाषा समोर आली की दोन जावांमधलं अंतर कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

१९८५ मध्ये विजयाबाई मेहतांनी हे नाटक 'कलावैभव'साठी मुंबईत बसवलं. खुद्द एलकुंचवार नाटकाकडे वळले तेसुद्धा विजयाबाईंनी बसवलेलं तेंडुलकरांचं 'मी जिंकलो! मी हरलो!' नागपुरात पाहून. विदर्भातला एक तरुण एका बाईने बसवलेलं नाटक बघतो आणि पुढे बायकांच्या इतक्या भरीव भूमिका लिहितो, याचा मला मनापासून आनंद होतो. १९९४ मध्ये चंद्रकांत कुलकर्णींनी 'आविष्कार'तर्फे 'वाडा' आणि त्याचे पुढचे भाग 'मग्न तळ्याकाठी' व 'युगान्त' ही तिन्ही नाटकं सलग केली. एका बैठकीत बाईचं अर्धं आयुष्य उभं करायचं, असं काम नटीच्या वाट्याला क्वचित येतं. १९३३ मध्ये 'आंधळ्यांची शाळा' या नाटकात ज्योत्स्ना भोळे उभ्या राहिल्या तेव्हा बाईने बाईची भूमिका करणं ही बातमी होती. साठ वर्षांत एवढी मजल झाली.

मात्र वर्ध्यात राहून नटी म्हणून पोट भरता येत नाही. पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत ते भरता येतं. वडसा हे त्या व्यवसायाचं ठाणं. दिवाळीनंतर होळीपर्यंत मंडईच्या जत्रा आणि शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती भरतात त्या गावांत रात्र-रात्र प्रयोग चालतात आणि नटीला तिथे मानधन असतं. २०२३ मध्ये झाडीपट्टीचे नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली. त्या मंचावर गाता यायला हवं आणि मैदानाच्या टोकापर्यंत आवाज पोचायला हवा. ते कौशल्य वेगळं आहे आणि मी त्याला कमी लेखत नाही. वर्ध्याच्या आमच्या नाट्यसंस्थेतल्या बाया नोकरी करून, संध्याकाळचा स्वयंपाक आटपून तालमीला येतात. परीक्षेच्या दिवसांत कुणाचं मूल विंगेत अभ्यास करत बसतं. तालमीला जागा म्हणजे शाळेचा वर्ग, तोही आठनंतर. लग्न ठरलं की चांगली मुलगी संस्थेतून जाते, आणि तिच्या सासरी कुणी जाऊन बोलत नाही. आम्ही जायला लागलो. दोन घरांनी मुली परत पाठवल्या. नटी घडवण्यातलं हे कामही तालमीइतकंच महत्त्वाचं मी मानते.

हिवाळ्यात राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी असते. नागपूर, अमरावती, चंद्रपूर यांपैकी जे केंद्र जवळ पडेल तिथे एक संध्याकाळ काढून जा. घरातल्या मुलीला बरोबर न्या, आणि शक्यतो पुढच्या रांगेत बसा, म्हणजे नटीचे हात दिसतील.