गव्हाणीपाशी मागी

नाताळात ख्रिस्तजन्माचा देखावा नाशिकच्या शरणपुरात मांडलेला असो की वसईच्या एखाद्या वाडीत, त्यातली मंडळी ठरलेली असतात. गव्हाणीत बाळ, शेजारी मरिया आणि योसेफ, एका अंगाला मेंढपाळ, दुसऱ्या अंगाला भेटी घेऊन आलेले तीन मागी, म्हणजे पूर्वेकडचे ज्ञानी, आणि वर तारा. हा देखावा बायबलमध्ये कुठेही नाही. त्यातले प्रत्येक माणूस आहे, पण सगळी एका जागी कधीच जमत नाहीत. बायबलातल्या चार शुभवर्तमानांपैकी गव्हाण आणि मेंढपाळ लूकचे. तारा आणि मागी मत्तयाचे, आणि त्याचे मागी येतात ते घरात. ते तीन होते असेही मत्तय म्हणत नाही. भेटी तीन, म्हणून आणणारेही तीन धरले गेले. लूकच्या कथेत योसेफ आणि मरिया नासरेथला राहणारी, खानेसुमारीपुरती बेथलेहेमात आलेली. मत्तयाकडे मात्र त्यांचे बिऱ्हाड बेथलेहेमातच दिसते, आणि नासरेथ येते ते शेवटी, मिसरातून परतताना हेरोद राजाच्या मुलाच्या धास्तीने. मार्क जन्माविषयी अक्षर लिहीत नाही. योहान विश्वाच्या आरंभापासून सुरुवात करतो आणि बेथलेहेमात न थांबता थेट यार्देनेच्या काठी पोचतो. बायबलचा अभ्यास नव्याने सुरू करणाऱ्या मराठी विद्यार्थ्याने पहिल्या दिवशी हा देखावा मोडावा आणि ज्याची बाहुली त्याच्या घरी पोचवावी, असे माझे म्हणणे आहे. ग्रंथाचा रचनाकाल, कर्ता, भूगोल हे सगळे मागून येऊ द्यावे.

हे मराठी विद्यार्थ्याला मुद्दाम सांगण्याचे कारण आपल्या वाङ्मयातच आहे. मराठीत ख्रिस्ताची जी मोठी चरित्रे झाली ती सगळी जोडकामाची. फादर थॉमस स्टीफन्सचे ‘ख्रिस्तपुराण’ 1616 साली गोव्यात राचोलला छापले गेले. पुराणाच्या ओवीत कथा सांगायची म्हटल्यावर निवेदक एक, श्रोते समोर आणि कथा अखंड हे ओघानेच आले. एकच प्रसंग चार तऱ्हांनी सांगणारा पुराणिक श्रोत्यांनी कशाला ऐकून घेतला असता? तीन शतकांनी नारायण वामन टिळकांनी ‘ख्रिस्तायन’ आरंभले. टिळक 1919 मध्ये गेले तेव्हा काव्य सुरुवातीच्या अध्यायांवरच थांबले होते; पुढचे चौसष्ट अध्याय त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी लिहिले. लक्ष्मीबाईंच्या मृत्यूनंतर, 1938 मध्ये, ते ग्रंथरूपाने आले. ज्या बाईंना शाळा माहीत नव्हती त्यांनी चौसष्ट अध्याय ओवीत बांधावेत, हा पराक्रम त्यांच्या ‘स्मृतिचित्रे’ या आत्मचरित्राच्या झगझगाटात थोडा झाकोळला गेला आहे. पण ‘ख्रिस्तायन’ या नावातच रामायणाची घडण आहे: एक नायक, एक कथा. मराठी वाचकाच्या, मग तो ख्रिस्ती असो वा नसो, मनातला येशू असा चार ठिगळांच्या गोधडीतून आलेला आहे. गोधडीला ऊब असते, याबद्दल वाद नाही. पण कापड कोणते, कुठून आणले आणि कुणी कातरले हे पाहायचे तर शिवण उसवावी लागते.

उसवल्यावर काय दिसते? मार्कचा सहावा अध्याय आणि मत्तयाचा तेरावा शेजारी शेजारी ठेवावेत. येशू आपल्या गावी जातो आणि गावकरी त्याला मानत नाहीत. मार्क सांगतो की थोड्या रोग्यांवर हात ठेवण्यापलीकडे त्याला तिथे काही महत्कृत्य करता आले नाही. मत्तय सांगतो की त्यांच्या अविश्वासामुळे त्याने तिथे फारशी महत्कृत्ये केली नाहीत. करता आले नाही आणि केले नाही, यांतले अंतर मराठीतही लपत नाही. मार्कचे वाक्य वाचून कुणीतरी अडखळले आणि त्याने ते हळुवार केले, असे मानणे सोपे. उलट दिशेने जाणे अवघड. अशी स्थळे एकापुढे एक मांडत गेले की बहुतेक अभ्यासक मार्क आधीचा का मानतात ते विद्यार्थ्याला स्वतःच्या डोळ्यांनी कळते, कुणा प्राध्यापकाच्या शब्दावर विसंबावे लागत नाही. वधस्तंभावरचे उद्गारही तसेच. उत्तम शुक्रवारी सात उद्गारांवर मनन होते, पण सात कुठल्याही एका शुभवर्तमानात नाहीत. मार्क आणि मत्तय यांच्याकडे एकच, तोही देवाने टाकल्याचा आक्रोश. लूककडे तीन, योहानाकडे तीन. सातांची बेरीज केली की तो आक्रोश इतर सहांच्या गर्दीत सौम्य होतो. मार्क एकटा वाचला तर तो सौम्य होत नाही, आणि मार्कला तो सौम्य व्हायला नको असावा.

यावर व्यासपीठावरून एक उत्तर नेहमी दिले जाते: चार साक्षीदार एकच अपघात पाहतात, जबाबात थोडाफार फरक पडणारच. दृष्टान्त गोड आहे, पण पहिल्या तीन शुभवर्तमानांना तो लागू पडत नाही. त्यांच्यात फरकांहून अधिक विचार करायला लावतात ती साम्ये. वाक्येच्या वाक्ये, प्रसंगांचा क्रम, मध्येच आलेले निवेदकाचे कंससुद्धा जुळतात. तीन जबाब शब्दाला शब्द जुळले तर कुठलाही वकील एवढेच म्हणेल की एकाचा कागद दुसऱ्याच्या हाती होता. आणि फरक सापडले म्हणजे सगळे बनावट, असा विजयाचा आव आणणाऱ्यालाही हेच लक्षात आणून द्यायला हवे, की हातात कागद असताना ज्याने मजकूर बदलला त्याने तो विचारपूर्वक बदलला. तो विचार कोणता, हाच तर अभ्यासाचा विषय.

श्रद्धावंताचा आक्षेप अधिक गंभीर आहे. उसवाउसवीत श्रद्धाच विरून जाईल, असे त्याला वाटते. त्याने चर्चचाच इतिहास पाहावा. दुसऱ्या शतकात तातिआन नावाच्या सिरियातल्या विद्वानाने चारही शुभवर्तमाने गुंफून एक सलग चरित्र केले. ते लोकप्रिय झाले आणि सिरियाक भाषेच्या चर्चमध्ये पिढ्यान्‌पिढ्या वाचले गेले. पाचव्या शतकात थिओडोरेट या बिशपने आपल्या प्रदेशातून त्याच्या दोनशेहून अधिक प्रती गोळा करून बाजूला काढल्या आणि त्या जागी चार स्वतंत्र ग्रंथ ठेवले. म्हणजे सलग, सोयीची, विसंगती नसलेली कथा हाताशी असताना चर्चने अडचणीचे चार ग्रंथ पसंत केले. ते चार वेगळे वाचणाऱ्या विद्यार्थ्याला पाखंडी ठरवायचे असेल तर त्या बिशपलाही त्याच्या शेजारी बसवावे लागेल.

दुसरा आक्षेप असा की ही चिकित्सा परकी, जर्मन विद्यापीठांतून आलेली. मूळ तिकडचे, हे खरे. पण पंचवटीच्या शेजारी राहणाऱ्या माणसाने तरी हे बोलू नये. सीतेभोवती आखलेली लक्ष्मणरेषा वाल्मीकीत नाही, हे कथाकीर्तन ऐकलेल्या कितीतरी नाशिककरांना ठाऊक असते, आणि म्हणून नाथांचे ‘भावार्थरामायण’ कुणी मिटून ठेवत नाही. पाठभेद, प्रक्षेप हे शब्द आपल्याला इंग्रजीतून आणावे लागले नाहीत. ज्या लाखमान या जर्मन पंडिताने हस्तलिखितांच्या वंशावळी लावण्याची पद्धत रुळवली आणि 1831 मध्ये ग्रीक नव्या कराराची चिकित्सक आवृत्ती काढली, त्याच परंपरेत बर्लिनला शिकून आलेले विष्णु सीताराम सुखटणकर पुण्याच्या भांडारकर संस्थेत महाभारताला भिडले. नव्या कराराच्या पोथ्यांवर घासलेले हत्यार व्यासांच्या पोथ्यांवर चालले; 1966 मध्ये ती आवृत्ती पुरी झाली आणि महाराष्ट्राने तिचा अभिमानच बाळगला. यावर कुणी म्हणेल की रामायण कवीचे, बायबल ईश्वरी वचन, दोहोंना एक माप कसे? त्याने लूकचा पहिला परिच्छेद वाचावा. आपल्याआधी पुष्कळांनी हा वृत्तान्त लिहायला घेतला आहे, आणि आपण सगळ्याचा मुळापासून शोध घेऊन तो अनुक्रमे लिहीत आहोत, असे लूक स्वतः सांगतो. लेखकच आपण शोध घेतला म्हणत असेल, तर वाचकाने तो कसा घेतला हे विचारण्यात आगळीक कसली?

राहिला पंडितांचा आक्षेप: ग्रीक, हिब्रू येत नसताना अभ्यास कसला? यात तथ्य आहे, पण ते दुसऱ्या पायरीवरचे. वर दिलेली सगळी उदाहरणे मराठी भाषांतरात दिसतात. भाषांतर कुठे दगा देते हेही आधी भाषांतरेच शेजारी ठेवून कळते. विल्यम कॅरीचा मराठी नवा करार श्रीरामपूरच्या छापखान्यातून (आपल्या अहिल्यानगरकडच्या नव्हे, बंगालातल्या) 1811 मध्ये मोडी लिपीत निघाला. चौथ्या शतकातली, सिनाय पर्वताच्या पायथ्याशी सापडलेली जी ग्रीक पोथी आज प्रत्येक अभ्यासक उघडतो, तिची पाने युरोपात पोचू लागली ती 1844 नंतर. कॅरीसमोर ती असणे शक्यच नव्हते. म्हणून जुन्या भाषांतरात लूकमधली प्रभूची प्रार्थना जवळजवळ मत्तयाइतकीच लांब, तर नव्या भाषांतरांत आखूड दिसते: नकलाकारांनी केव्हातरी लूकच्या प्रार्थनेला मत्तयाचे शब्द जोडून तिची उंची सारखी केली होती. गोधडी शिवणारे हात पोथ्यांतही होते तर. आणि ज्याला पुढची पायरी चढायची आहे त्याने पंडिता रमाबाईंकडे पाहावे. संस्कृतात मुरलेल्या या बाईंनी उतारवयात केडगावला हिब्रू आणि ग्रीक आत्मसात करून, खेड्यातल्या बायांना समजावे म्हणून, सबंध बायबल एकहाती मराठीत आणले, आणि 1922 मध्ये डोळे मिटण्याआधी ते पुरे केले. मुळापर्यंत जायला मराठी माणसाला विलायतेची बोट लागत नाही, हे त्यांनी दाखवून ठेवले आहे. त्या वाटेने नंतर फारसे कुणी गेले नाही ही आपली हयगय.

सुरुवात मार्कपासून करावी. सोळाच अध्याय आहेत, एका बैठकीत होतात. मत्तय, लूक, ‘ख्रिस्तायन’, नाताळचा देखावा, सगळे तेवढा वेळ बाजूला ठेवावे. शेवटच्या अध्यायात आठव्या ओवीपाशी जरा थांबून छापील पानावर कंस किंवा तळटीप आहे का ते पाहावे. सिनायच्या पोथीत मार्कचे शुभवर्तमान तिथेच संपते: स्त्रिया कबरेतून बाहेर पडून पळत सुटतात, आणि भीतीपोटी कुणालाही काही सांगत नाहीत.