मायरा म्हणजे काय गं आजी?

दिवाळीच्या सुट्टीत नात आली ती दप्तरात गृहपाठ घेऊनच. दुसरीतली पोर, पण शाळेनं सुट्टीतही सोडलेली नाही. 'माझे नाव आणि त्याचा अर्थ' यावर पाच ओळी लिहून आणायच्या होत्या. चिवड्याच्या ताटलीशेजारी वही टाकली आणि म्हणाली, "आजी, तू मराठीची टीचर होतीस ना? मग सांग, मायरा म्हणजे काय?"

मंडळी, पस्तीस वर्षं वर्गात मी शब्दांचे अर्थच सांगत आले. पण या एका शब्दाच्या वाटेला मी सात वर्षं मुद्दाम गेले नव्हते. कारण आहे, आणि घरातली माणसं हा ब्लॉग वाचतात हे माहीत असूनही लिहिते.

नातीच्या जन्माच्या वेळी पत्रिकेत आद्याक्षर 'म' निघालं. मी हौसेनं यादी करून दिली: मैत्रेयी, मृण्मयी, मुक्ता, मीरा. सूनबाईनं यादी ठेवून घेतली, बोलली काहीच नाही. बारशाला आत्यानं बाळाच्या कानात नाव सांगितलं आणि मग मोठ्यानं म्हटलं. बायकांच्या गलबल्यात मला ऐकू आलं "मीरा". मी काय खूश झाले! शेजारणीला म्हणालेसुद्धा, माझंच नाव ठेवलं म्हणून. मग भिंतीवरची थर्माकोलची अक्षरं वाचली.

अर्थ विचारला तर मुलानं मोबाईल बघून सांगितलं, "संस्कृत आहे आई. प्रिय, लाडकी." त्या रात्री मी आपट्यांचा संस्कृत कोश काढला. माया भेटली, मायावी भेटला, मोराचं ते मायूर भेटलं. मायरा नाही. सकाळी चहाच्या वेळी मी ते सगळ्यांना ऐकवलं. (शिक्षकी पेशाचा हा दोष, चूक सापडली की ती सांगितल्याशिवाय चैन पडत नाही.) सूनबाई बाळंतीण, रात्रभर जागलेली. ती शांतपणे म्हणाली, "आई, मला अर्थ नकोच होता. घरात अजून कुणाचंही नसलेलं नाव हवं होतं."

मला ते उद्धट वाटलं. आणि त्या दिवसापासून मी नातीला मीरा म्हणायला लागले. लाडानं म्हणते असं सगळ्यांनी धरून घेतलं. लाड नव्हता तो, हट्ट होता.

तर यंदा वही पुढे ठेवून पोरगी म्हणाली, "आणि तू मला मीरा नको म्हणूस. मीरा आमच्या वर्गात दुसरी मुलगी आहे. मी मायरा आहे."

मी गप्प बसले. कारण हे वाक्य मला एके काळी म्हणायचं होतं आणि मी म्हटलं नव्हतं.

वाचणाऱ्यांपैकी पुष्कळजण मला सुनंदाताई म्हणून ओळखतात. जन्माचं माझं नाव कुमुद. वडिलांनी ठेवलेलं. आजीला ते मुळीच पसंत नव्हतं. तिच्या पिढीच्या बायका भागीरथी, यमुना, चंद्रभागा. तिला माझी गोदावरी करायची होती. "कुमुद हे काय नाव? ना नदीचं, ना देवाचं!" असं ती म्हणे. वडिलांनी ऐकलं नाही. चंद्र उगवल्यावर उमलणारं पांढरं कमळ म्हणजे कुमुद, हे त्यांनी मला मी चार वर्षांची असताना शिकवलं होतं. माझ्या शब्दसंग्रहातला तो पहिला 'अर्थ'.

१९७३ साली लग्न झालं. सासरी थोरल्या जाऊबाईही कुमुदच. एका घरात दोन कुमुद कशा चालणार? लक्ष्मीपूजनाच्या वेळी ताटात तांदूळ पसरले, यांनी सोन्याच्या अंगठीनं त्यात 'सुनंदा' लिहिलं, आणि पेढे वाटले. मला कुणी विचारलं नाही. तेव्हा विचारायची पद्धतच नव्हती, यांचा त्यात दोष नाही. ताट उचललं, तांदूळ परत डब्यात गेले. शाळेत नोकरी लागली तेव्हा मस्टरवर सुनंदा आणि बी.ए.च्या पदवीवर कुमुद! राजपत्रात बदल करून घेईपर्यंत त्या दोघी एकच, हे कितीदा पटवून द्यावं लागलं. वडील मात्र शेवटच्या पत्रापर्यंत 'चि. कुमुद' असंच लिहीत राहिले. आता त्या नावानं हाक मारणारा एक धाकटा भाऊ उरला आहे.

हे सगळं भोगलेली बाई मी. आणि सात वर्षं मी त्या पोरीशी तेच करत होते, तेही अंगठीवाचून.

दुसऱ्या दिवशी पुस्तकं काढून बसले. मायरा हे नाव आधी इंग्रजीत भेटतं, फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) या कवीच्या कवितांत. 'सीलिका' हा त्याचा संग्रह तो गेल्यावर, १६३३ साली छापून आला. कवितेतल्या प्रेयसीसाठी त्यानं हे नाव घडवलं असं मानतात. कशावरून घडवलं याचे तर्कच आहेत. कुणी म्हणतं मेरी या नावाची अक्षरं इकडची तिकडे करून, कुणी म्हणतं लॅटिनमधल्या बोळाच्या नावावरून. बोळ म्हणजे काष्ठौषधींच्या दुकानात मिळतो तो हिराबोळ. मला गंमत वाटली ती वेगळीच. या ग्रेव्हिलचा जिवलग मित्र फिलिप सिडनी. दोघं १५६४ साली एकाच दिवशी श्रूजबरीच्या शाळेत दाखल झालेले. त्या सिडनीनं आपल्या 'आर्केडिया' या कथेसाठी पामेला हे नाव बनवलं. एका वर्गातली दोन पोरं, आणि दोघांनी जगाला मुलींची एकेक नवी नावं दिली! त्यांनाही कुणी आजी म्हणाली असेल, हे काय नाव?

मायरा नावाचं एक प्राचीन शहरही होतं, आजच्या तुर्कस्तानच्या दक्षिण किनाऱ्यावर. चौथ्या शतकातले संत निकोलस तिथले बिशप. त्यांच्यावरून पुढे सांताक्लॉज आला.

पण खरा धक्का दिला आमच्या खालच्या मजल्यावरच्या मारवाडी भाभींनी. नातीचं नाव ऐकून त्या हसल्याच. म्हणाल्या, "अहो, आमच्याकडे मायरा मामा घेऊन येतो!" राजस्थानात बहिणीच्या मुलामुलीच्या लग्नात भाऊ जो आहेर आणतो, साड्या, दागिने, बहिणीला चुनरी, तो मायरा. काही जण त्याला माहेराही म्हणतात. म्हणजे आपल्या माहेराच्या घरातलाच हा शब्द दिसतो. मातृगृहाचं आपलं माहेर झालं, आणि तिकडे त्या घराहून येणारी भेट मायरा.

मग भाभींनी जुनागढच्या नरसी मेहतांची गोष्ट सांगितली. लेकीच्या सासरी मायरा न्यायचा, तर नरसींच्या हातात फक्त एकतारी. सासरच्यांनी भलीमोठी यादी केली, वर थट्टेनं दोन दगडही लिहिले. शेवटी कृष्णच शेठ होऊन आला आणि यादीतलं सगळं देऊन गेला. गुजरातीत प्रेमानंदानं सतराव्या शतकात यावर आख्यान रचलं, 'कुंवरबाईनुं मामेरुं'. आणि राजस्थानीत 'नरसीजी रो मायरो' नावाची रचना आहे, ती कुणाच्या नावावर सांगतात ठाऊक आहे? मीराबाईंच्या! ती त्यांची खरीच का यावर वाद आहे, तो विद्वानांनी घालावा. मी मात्र त्या रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या एकटीच हसत होते.

सूनबाईला हे काही माहीत नव्हतं, आणि अर्थ बघून तिनं नाव ठेवलंही नव्हतं. तेव्हा नावाचा हा अर्थ आहे असं मी म्हणणार नाही. या उच्चाराचा असाही एक शब्द आहे, इतकंच. मी तिला सांगितलं तेव्हा तिनं ऐकून घेतलं, आणि थोड्या वेळानं विचारलं, "आई, तुमचं कुमुद नाव बदललं तेव्हा तुम्हाला कसं वाटलं होतं?" बावन्न वर्षांत हे विचारणारी ती पहिलीच. त्यानंतर स्वयंपाकघरात आम्ही काय बोललो ते इथे लिहीत नाही.

गृहपाठ झाला. मी ग्रेव्हिल, मामाचा आहेर आणि सांताचं गाव असे तिन्ही सांगितले. पोरीला अर्थातच सांता सर्वांत आवडला, पण तिनं तिन्ही लिहिले. आता फोनवर मी तिला मायरा म्हणते. अधूनमधून जीभ मीराकडे वळते, मग ती "आजीऽऽ" असं ओरडते.

परवा तिनं तपासून आलेल्या वहीचा फोटो पाठवला. खाली लाल शाईत बाईंचा शेरा: 'अर्थ एकच लिहिणे.' क्षणभर राग आला. मग वाटलं, त्यांच्या जागी मी असते तर मीही हेच लिहिलं असतं, तेही अधोरेखित करून.