पारीवर थांबलेला कॅमेरा

मुंबईहून कोलकात्याकडे जाणारा महामार्ग भंडारा जिल्ह्यातल्या लाखनीच्या पोटातून जातो. रात्रभर ट्रकांची घरघर थांबत नाही. पण रस्ता सोडून आडवाटेला लागलं, की तो आवाज मागे पडतो. धानाच्या बांध्या सुरू होतात आणि त्यांच्या टोकाशी तळ्याची पाळ दिसते. इथले लोक तिला पार म्हणतात. या पारीवर मी पहिल्यांदा कॅमेरा मांडला तो एका पहाटे. सूर्योदय, पाण्यात उतरणारे धीवर, जाळ्यात तडफडणारे मासे, एवढं टिपून संध्याकाळी परतायचं असं ठरवून आलो होतो. जाळं झटकत बसलेल्या एका आजींनी माझी धावपळ बराच वेळ पाहिली. मग म्हणाल्या, “बाबू, एका दिवसात तरा दिसत नाई.” तरा म्हणजे तळं.

मी त्या संध्याकाळी परतलो नाही. त्या वाक्यापाशीच माझा माहितीपट सुरू झाला.

एका दिवसात दिसलं ते नुसतं पाणी होतं. तळं दिसायला वर्ष लागलं. उन्हाळ्यात भेगाळलेला तळ दिसला. मृगानंतर परे, म्हणजे धानाची रोपं, टाकलेली हिरवी चौकट दिसली आणि मग रोवणीला ओळीनं वाकलेल्या बायका. धान पोटरीला आल्यावर पाऊस दडी मारतो, तेव्हा तुडुम, म्हणजे पारीतली पाणी सोडायची मोरी, उघडतात आणि पायऱ्यापायऱ्यांनी उतरणारं पाणी बांध्यांत शिरतं. जास्तीचं पाणी सलंगावरून, म्हणजे सांडव्यावरून, वाहून जातं, म्हणून पार फुटत नाही. गोंड राजांच्या काळापासून कोहळी समाजानं जमिनीचा उतार नजरेनं ओळखून हे बांधकाम केलं. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली मिळून असे सुमारे सात हजार तलाव आहेत. 1950 च्या कायद्यानं मालगुजारी, म्हणजे इथली जमीनदारी, संपली, मालगुजारांकडचे तलाव सरकारकडे गेले आणि त्यांचं नाव ‘माजी मालगुजारी’, म्हणजे मामा तलाव असं पडलं. मालकी बदलली आणि गाळ काढणारे हातही हळूहळू दूर झाले. बेशरमाची झुडपं पाण्यात घुसली, आतल्या देशी वनस्पती हटल्या. मासळीनं अंडी घालायची तरी कुठे?

हे कॅमेऱ्यात कसं धरायचं? हटलेली वनस्पती दिसत नाही. पण परतताना दिसते. भंडारा निसर्ग व संस्कृती अभ्यास मंडळानं धीवरांच्या ज्ञानाला हाताशी धरून काही तलावांत बेशरम उपटली, तळ नांगरला, देशी पाणवनस्पती लावल्या. असं काम टिपायचं तर कॅमेऱ्यालाही रोपाइतकाच धीर हवा.

अशा वेळी मला फाळके आठवतात. ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, 1912 साली, त्यांनी वाटाण्याचं एक रोप चित्रित केलं. महिनाभराहून अधिक काळ ते रोज थोडं थोडं चित्रण करत राहिले, आणि पडद्यावर अंकुर मिनिटाभरात वर आला. ‘अंकुराची वाढ’ हे त्या चित्रफितीचं नाव. आपल्या सिनेमाच्या उंबरठ्यावर राजाच्याही आधी एक रोप उभं आहे, आणि त्याच्याजवळ रोज जाऊन बसणारा एक माणूस. निसर्गाचा माहितीपट करणाऱ्याला याहून मोठा वारसा कोणता?

दहा वर्षांनी, 1922 मध्ये, रॉबर्ट फ्लाहर्टीचा ‘नानुक ऑफ द नॉर्थ’ आला. बर्फात राहणाऱ्या इन्युइट माणसांवरचा तो माहितीपट जगभर गाजला. पण त्या काळी बंदूक वापरणाऱ्या माणसांना फ्लाहर्टीनं जुनी शस्त्रं हाती घेऊन शिकार करायला लावली. आत उजेड यावा म्हणून बर्फाचं घर अर्धंच बांधून घेतलं. मोह मलाही झाला होता. इथले धीवर आता ट्रकच्या रबरी ट्यूबवर बसून जाळं टाकतात. काठाला पालथा पडलेला जुना डोंगा पाण्यात सोडा, असे शब्द ओठांवर आले होते. मी ते गिळले. आज माझ्या चित्रपटात ती काळी ट्यूब आहे, कारण आजचं जगणं तिच्यावरच तरंगतं आहे. दुर्गम म्हणून ज्यांना पाहायला जातो, त्यांना आपल्यासाठी जुनं व्हायला सांगण्याचा हक्क कुणालाही नाही.

चित्रपट जुळवून झाला तेव्हा दिवाळी होऊन गेली होती. गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, आणि नाटकांचे दिवस. झाडीपट्टीचा, म्हणजे पूर्व विदर्भाचा, हा प्रेक्षक रात्र जागवून नाटक पाहणारा. पारीजवळच्या मोकळ्या जागेत पांढरी चादर ताणली. लोक घोंगड्या पांघरून बसले. पडद्यावर मासळी आली की बायका नाव पुकारत होत्या. दोन वनस्पतींची नावं मी चुकवली होती, ती तिथल्या तिथे दुरुस्त झाली. आजी पुढच्या रांगेत होत्या. शेवटी त्यांनी एवढंच विचारलं, पुढच्या पावसाळ्यात येशील ना?

शहरातल्या महोत्सवात हा चित्रपट नंतर गेला, ती दोन नावं सुधारून.

कॅमेरा घेऊन या धानपट्ट्यात येणाऱ्या प्रत्येकाला माझी एक विनंती आहे. एक वर्ष थांबा. आणि जे टिपाल, त्याचा पहिला खेळ ज्यांचं तळं आहे त्यांच्याच पारीवर लावा.