बेलाच्या पानातली नागमोडी रेघ

श्रावणातला सोमवार होता. धुळ्यात, देवपुरातल्या आमच्या ओट्यावर बसून मी बेल निवडत होते. किडलेलं, फाटलेलं पान बाजूला, अखंड त्रिदळ ताटात. एक कोवळं पान बाजूला टाकता टाकता हात थांबला. त्याला भोक नव्हतं, कड कुरतडलेली नव्हती. फक्त मधल्या दळावर एक चंदेरी, वळणावळणाची रेघ होती. बोटाने पुसून पाहिली, पुसली जाईना. रेघ पानावर नव्हतीच, पानाच्या आत होती!

मुलाचं दहापटीचं भिंग आणलं आणि पान उन्हाकडे धरलं. रेघ एका टोकाला केसाएवढी बारीक, मग वळत वळत रुंद होत गेलेली. तिच्या मधोमध काळसर धागा. आणि रुंद टोकाला ती होती! पिवळसर, चपटी, जेमतेम तीन मिलिमीटरची, बिनपायाची अळी. पानाच्या पापुद्र्याखाली ती डोकं डावीकडून उजवीकडे, उजवीकडून डावीकडे फिरवत पुढे सरकत होती. मी श्वास रोखून बघत राहिले. आतून सासूबाईंची हाक आली, ‘‘काय देखी राह्यनी व माय?’’ त्यांनाही भिंग दिलं. त्या दिवशी पूजेला उशीर झाला.

त्या संध्याकाळपासून मी पुस्तकांत बुडाले. आपले शेतकरी हिला नागअळी म्हणतात, आणि रेघेची चाल बघितली की नाव पटतं. ही एका पतंगाची अळी आहे. पतंग पंख पसरून चार-पाच मिलिमीटरचा, रुपेरी पांढरा, पंखाच्या टोकाला काळा ठिपका. मादी कोवळ्या पानावर एकेकटं अंडं घालते. अळी निघते ती थेट पानात शिरते, वरचा पापुद्रा अलगद उचलते आणि खालच्या पेशींचा रस पिते. पापुद्र्याखाली हवा भरते, म्हणून रेघ चांदीसारखी चमकते. मधला काळा धागा म्हणजे तिची विष्ठा. म्हणजे ती रेघ तिचा अख्खा दिनक्रम आहे! जिथे बारीक तिथे ती तान्ही, जिथे रुंद तिथे मोठी. शेवटी ती खाणं थांबवते, पानाची कड रेशमाने मुडपून घेते आणि त्या घडीत कोष करते. उबदार हवेत अंड्यापासून पतंगापर्यंतचा प्रवास दोन-तीन आठवड्यांत उरकतो.

फायलोक्निस्टिस सिट्रेला हे तिचं शास्त्रीय नाव. ते इंग्रज कीटकतज्ज्ञ हेन्री स्टेनटन यांनी 1856 साली कोलकात्याच्या नमुन्यांवरून दिलं. पुढे ती जगभर पसरली, 1993 साली फ्लोरिडात पोचली. बेल, लिंबू, मोसंबी, कुंती हे सगळं एकाच कुळातलं गोत, आणि तिला हेच गोत हवं. शेजारच्या जास्वंदीकडे ती ढुंकून पाहत नाही. मला वनस्पतींची कुळं कधी पाठ झाली नव्हती. या अळीने चार दिवसांत शिकवली!

माझे मामा अमळनेरजवळ शेती करतात. त्यांना फोन केला, तर ते हसले नाहीत, गंभीर झाले. लिंबाच्या नव्या कलमांवर नवती फुटली की ही येते, पानं चुरगळतात, आणि तिने केलेल्या जखमांतून खैऱ्या रोग शिरतो. मोठं झाड सोसतं, रोपाला सोसत नाही. त्यांचं म्हणणं मला पूर्ण मान्य आहे, तरीही माझं कौतुक तसूभर कमी झालेलं नाही.

रविवारी मी मामांच्या भुईमुगात उभी होते. वाण जेएल-24, जळगावच्या संशोधन केंद्राचा. तिथे दुसराच पतंग, दुसराच हात! ही अळी आधी पर्णिकेत शिरून तपकिरी डाग पाडते, मग बाहेर येऊन पर्णिका एकमेकींना रेशमाने शिवते आणि त्या शिवणीत बसून खाते. बेलातल्या रेघेचा इथे मागमूस नाही. प्रत्येक जात आपल्या पद्धतीने पान पोखरते, त्यामुळे झाड आणि खूण पाहिली की पतंग न दिसताही त्याचा पुष्कळसा अंदाज बांधता येतो. अमेरिकेतल्या डाकोटा खडकांत सुमारे 9 कोटी 70 लाख वर्षांपूर्वीच्या पानांचे ठसे आहेत, आणि त्यांवरही अशाच पोखरलेल्या वाटा आहेत! पतंग मातीत मिसळून गेले, वाटा राहिल्या.

बेलाच्या पाच डहाळ्या मी पाण्याच्या बाटल्यांत खोचून वर मलमल बांधून ठेवल्या होत्या. दहाव्या दिवशी पहाटे एका मलमलीला आतून रुपेरी ठिपका चिकटलेला दिसला. तांदळाच्या कणीहून लहान. भिंगातून पाहिलं, तर पंखांच्या कडांना पिसांसारखी झालर होती आणि टोकाला तो काळा ठिपका. दुसऱ्या बाटलीत पतंग नव्हताच, अळीला आतून खाऊन निघालेली इवलीशी परोपजीवी गांधीलमाशी होती. म्हणजे पानात अळी आणि अळीत आणखी कुणी! तीन बाटल्या अजून खिडकीत आहेत. आणि काल पांझरेकाठच्या जांभळाखाली पडलेल्या पानावर रेघ नाही, फुगलेला पांढरट फोड दिसला. ते पान आता भिंगाखाली ठेवलंय.