गाडी हाकणाऱ्याचं पुस्तक

"लायसनचं पुस्तक हाये का, भाऊ?" असं विचारलं की वाशीमच्या दुकानातून एक पातळसा प्रश्नसंच हाती येतो. रंगीत चिन्हं, खाली पर्याय, शेवटच्या पानांवर उत्तरं. तेवढं पाठ करून पोरं परीक्षेला बसतात. २०२१पासून शिकाऊ लायसनची परीक्षा आधारच्या आधाराने घरबसल्या देता येते. साठ टक्के उत्तरं बरोबर आली की झालं. रिसोडच्या नाहीतर मानोऱ्याच्या पोराची एसटीची एक खेप वाचली, हे चांगलंच झालं. पण मला उत्तरं नको होती. कायदा गाडी हाकणाऱ्याला नेमकं काय सांगतो, ते सलग वाचायचं होतं.

म्हणून मूळ मजकूरच मिळवला. १९८८चा मोटार वाहन कायदा आणि त्याखालचे २०१७चे ड्रायव्हिंगचे विनियम. भाषा कोरडी, वाक्यं लांबच लांब. तरी वाचताना पुन्हा पुन्हा आपलाच मुलूख समोर येत राहिला.

कलम १३२ घ्या. जनावर बुजेल, आवरणार नाही, अशी भीती वाटून त्याच्या राखणदाराने हात केला, तर मोटारवाल्याने थांबलंच पाहिजे. पोळ्याच्या दिवशी शिंगं रंगवलेली, झूल घातलेली जोडी घेऊन निघालेला शेतकरी "थांबा जी, बैल बुजाडते" म्हणतो, तेव्हा त्याच्या त्या हातामागे देशाचा कायदा उभा असतो. किती शेतकऱ्यांना हे ठाऊक आहे? आणि मागून हॉर्न वाजवणाऱ्या किती जणांना? समृद्धी महामार्गाचा नागपूर ते शिर्डी हा टप्पा ११ डिसेंबर २०२२ला सुरू झाला. त्यावर मोटार ताशी १२० किलोमीटरने जाऊ शकते. तीच मोटार शेलूबाजारला खाली उतरते, तेव्हा चालवणाऱ्याच्या पायांत तो वेग अजून मुरलेला असतो आणि पुढे सोयाबीनची पोती घेऊन बैलगाडी चाललेली असते. या कलमाची खरी गरज तिथे आहे.

कलम १३१ तर मी थांबून थांबून वाचलं. राखणदार नसलेल्या रेल्वे फाटकाशी गाडी उभी करायची, सोबतच्या माणसाने रुळापर्यंत चालत जायचं, दोन्ही बाजूंना पाहायचं आणि मग गाडीला वाट दाखवायची. सोबत कुणी नसेल तर चालवणाऱ्याने स्वतः उतरायचं. वाचताना पूर्वी कारंज्यावरून जायची ती अरुंद रुळांची शकुंतला रेल्वे आठवली. घाईत असलेल्या माणसाला खाली उतरून चार पावलं चालायला लावणारा हा नियम मला फार आवडतो. कुणाची तरी आई सांगते तसं ते सांगणं आहे: बापू, उतर, पाहून घे, मग जा.

२०१७चे विनियम पायी चालणारे, सायकलवाले, लहान मुलं, म्हातारी माणसं आणि अपंग यांची विशेष काळजी घ्यायला सांगतात. रामनवमीला पोहरादेवीच्या वाटेने बंजारा समाजाची कुटुंबं कडेवर लेकरं घेऊन चालत असतात, तेव्हा या एका ओळीवर किती जीव अवलंबून असतात! कलम १३४ सांगतं की अपघात झाला तर पळायचं नाही, जखमीला दवाखान्यात न्यायचं. मदतीला धावणाऱ्या वाटसरूला संरक्षण देणारं कलम २०१९च्या दुरुस्तीने आलं. ते तर प्रत्येक चहाच्या टपरीवर लावायला हवं, कारण पोलिसांच्या झंझटीला भिऊन भली माणसंही दुरून पाहत उभी राहतात.

ब्रिटनमध्ये १९३१ साली 'हायवे कोड' नावाची पुस्तिका निघाली, किंमत एक पेनी. सरकारने नियम सोप्या भाषेत लिहिले आणि कुणालाही परवडतील अशा दरात दिले. आपल्याकडे फाटकाची आणि अपघातानंतरच्या कर्तव्याची माहिती शिकाऊ परीक्षेच्या नियमातच आहे, पण परीक्षेत त्याचा एखादा प्रश्न येतो आणि जातो. चिन्ह ओळखता येणं पुरेसं नाही. साध्या मराठीत, मोठ्या अक्षरात छापलेलं एक अधिकृत पुस्तक प्रत्येक ग्रामपंचायतीत आणि प्रत्येक कॉलेजच्या वाचनालयात असलंच पाहिजे. परिवहन खात्याने ते काढावं आणि शिकाऊ लायसनसोबत हाती द्यावं.

तोवर घरातलं पोरगं अठरा वर्षांचं झालं आणि गाडीची किल्ली मागू लागलं, तर किल्ली देण्याआधी ही चार कलमं त्याच्याकडून मोठ्याने वाचून घ्या.