प सा ग, प सा ग

हायरूलमध्ये काळ ओलांडायला यंत्र लागत नाही. देवळात जायचं, तीन रत्नं वेदीवर ठेवायची आणि ओकारिना वाजवायची. ओकारिना म्हणजे फुगीर पोटाची, हातात मावणारी बासरी. हे राज्य ‘द लेजंड ऑफ झेल्डा: ओकारिना ऑफ टाइम’ या निन्टेंडोच्या १९९८च्या गेममधलं. गाण्याचं नाव ‘साँग ऑफ टाइम’, संगीतकार कोजी कोंडो. मारिओची धूनही याच माणसाची.

देवळात शिरलं की तेच गाणं आधीपासून चालू असतं. शब्द नाहीत, नुसते पुरुषांचे एकत्र आवाज, गाभाऱ्यात घुमल्यासारखे. कोण गातंय ते दिसत नाही. मग आपली पाळी येते. गेममधल्या ओकारिनाला मुख्य बटणं पाचच: सा, कोमल गंधार, पंचम, धैवत आणि वरचा सा. दाबायचं प सा ग, प सा ग. शाळेत असताना थोडी पेटी शिकलो होतो, म्हणून सूर लगेच कळले. पुढची पूर्ण चाल ऐकली तर तिच्यात कोमल निषादही येतो, म्हणजे स्वर सगळे काफी थाटाचे. कोंडोच्या डोक्यात काफी होता असं माझं म्हणणं नाही. युरोपातल्या जुन्या चर्च-संगीतात याच स्वरमेळाला डोरियन म्हणतात, आणि चाल त्याच वळणाची आहे. पण माझ्या कानाला ती परकी वाटली नाही, एवढं खरं.

सहा सूर वाजले की दार उघडतं. आत तलवार असते. लिंक नावाचा पोरगा ती उपसतो आणि झोपी जातो, सात वर्षं. कारण काय, तर तलवार पेलायला तो अजून लहान आहे. जागा होतो तेव्हा अंगापिंडाने मोठा झालेला असतो. बाहेर बाजारपेठ ओस पडलेली, तिथे प्रेतं फिरतायत. त्याने उघडलेल्या दारातूनच खलनायक आत शिरला होता. विधी अगदी बिनचूक झाला होता, तरीही.

हा गेम मी रूममेटच्या स्विचवर खेळलो, सदाशिव पेठेत, एमपीएससीच्या पाचव्या वर्षी. सकाळी सातला अभ्यासिका, दुपारी मेसचा डबा, पुन्हा अभ्यासिका. प्री निघायची, मेन्स राहायची. बाविसाव्या वर्षी आलो होतो, सत्ताविसावं चालू होतं. मधली वर्षं कुठे गेली विचारलंत तर सांगायला जाहिरातींचे आणि निकालांचे दिवस तेवढे आहेत. लिंक डोळे उघडून स्वतःच्या हातांकडे बघतो, तिथे रूममेट हसला आणि म्हणाला, “हा बघ, आपला माणूस.”

गावी गेलं की माझं व्हायचं ते लिंकचंही होतं. तो ज्या जंगलात वाढला तिथली कोकिरी मुलं कधी मोठीच होत नाहीत. परत गेल्यावर मीडो त्याची वाट अडवतो. ओळखतच नाही. मैत्रीण सारिया हिने शिकवलेलं गाणं वाजवलं, तेव्हा कुठे बाजूला होतो. चेहऱ्यावरून नाही, चालीवरून विश्वास ठेवतो. संपूर्ण गेममध्ये मला सगळ्यात आवडलेली जागा ही.

पुढचा गेम ‘मेजोराज मास्क’, २००० सालचा, आणि माझ्या मते याहून थोर. तिथे चंद्र तीन दिवसांत कोसळणार असतो. तेच सहा सूर वाजवले की पुन्हा पहिल्या दिवसाची सकाळ. उलटे वाजवले, ग सा प, ग सा प, की काळ मंदावतो. एकेक सूर दोनदा घेतला की पुढे उडी. आमच्या पेटीच्या मास्तरांनी याला अलंकारांचा रियाज म्हटलं असतं.

पण परत गेल्यावर कोणालाच काही आठवत नाही. मास्क राहतात, बँकेतले पैसे राहतात. माणसं कोरी होतात. यात आंजू आणि काफे हे लग्न ठरलेलं जोडपं आहे. काफेला शापाने लहान मुलगा करून टाकलंय, म्हणून तो लपून बसलाय. त्यांची भेट घडवायला तिन्ही दिवस खर्ची पडतात. चिठ्ठ्या पोचवायच्या, वेळा पाळायच्या, चोराच्या मागे जायचं. ती दोघं भेटतात तेव्हा चंद्र पडायला जेमतेम दीड तास उरलेला असतो, तोही गेममधला. ती तुम्हाला सांगतात, तू पळ, आम्ही इथेच थांबतो.

आता वाचायचं तर गाणं वाजवायलाच हवं. आणि वाजवलं की आंजू पुन्हा पहिल्या सकाळी खाणावळीत उभी, काफे बेपत्ता असलेली.

त्या रात्री मी बटणावरचं बोट उचललं नाही, पण दाबलंही नाही. घड्याळ चालू होतं. रूममेट म्हणाला, “वाजव ना, मरशील.” म्हटलं, “थांब जरा, आत्ताच भेटलीयेत.” खिडकीबाहेर अभ्यासिकेतून पोरं परत येत होती, कुणीतरी खाली चहावाल्याला हाक मारली. त्यालाही मग काय वाटलं कोण जाणे, शेजारी येऊन बसला. आम्ही दोघं त्या दोघांकडे बघत राहिलो.